पाळकाच्या पोटात

विनय हे नाव त्या रविवारी कुणाच्या तोंडी आलंच नाही.

उपासना सुटली तशा बाया देवळाच्या पायऱ्यांवर प्रमोदिनीभोवती गोळा झाल्या. बाळाच्या गालाला लावलेली बोटं आपल्या ओठांना टेकवत जी ती म्हणाली, "शांतवन. पाळकसाहेबांनी नेमकं नाव ठेवलं बघ." दोघीतिघींचे डोळे ओले होते. प्रमोदिनी सगळ्यांशी हसून बोलली. तिचा एक हात मात्र बाळाच्या कपाळावर होता, आणि घरी पोचेपर्यंत तिनं तो काढला नाही.

ठरलेलं नाव विनय होतं. नगरच्या तिच्या माहेरापासून मलकापूरच्या नणंदेपर्यंत, आक्कापर्यंत, सगळ्यांना ते कळवून झालं होतं. आदल्या दिवशी जेवताना तिच्या नवऱ्यानं, सुमंतनं, ते अप्पांना पुन्हा एकदा सांगितलं, तेव्हा अप्पा म्हणालेही होते, "विनय. चांगलं आहे. प्रभूच्या अंगचा गुण आहे." आणि सकाळी पाण्याच्या पात्रापाशी त्यांनी नातवाला डाव्या हातावर घेतलं आणि ते थांबले. इतका वेळ थांबले, की पेटीवाल्याला वाटलं आपलीच वेळ चुकली, आणि त्यानं हलकेच सूर धरला. मग अप्पांनी ओंजळ पाण्यात घातली आणि मागच्या बाकापर्यंत जाईल अशा आवाजात म्हटलं, "शांतवन, मी तुला पित्याच्या, पुत्राच्या व पवित्र आत्म्याच्या नावाने बाप्तिस्मा देतो."

शांतवन हे त्यांच्या पहिल्या मुलाचं नाव. अप्पा, म्हणजे रेव्हरंड आकाराम सातवेकर, तरुणपणी शाहूवाडीच्या डोंगरात उपदेशक होते, तेव्हा तो तापानं गेला. तीन वर्षांचा होता. सुमंत त्याच्यानंतरचा. देवळाच्या मंडळीतल्या जुन्या माणसांना हे सगळं ठाऊक होतं, त्यामुळं म्हाताऱ्यानं ऐनवेळी गेलेल्या लेकाचं नाव नातवाला दिलं, असाच अर्थ सगळ्यांनी घेतला. असा अर्थ घ्यायला लोकांना आवडतं. शिवाय बाप्तिस्मा एकदाच होतो. पात्रापाशी पडलेलं नाव मागं घेता येत नाही.

लोकांनी जे ऐकलं नाही ते प्रमोदिनीनं ऐकलं होतं. बाळ परत तिच्या हातात देताना अप्पा वाकले आणि अगदी हळू म्हणाले, "ताप उतरला ना गं याचा?"

बाळाला ताप नव्हता.

*

स्वयंपाकघरात आक्का पाट्यावर मसाला वाटत होती. मलकापूरहून आदल्या दिवशी आली होती ती, पण आल्या तासापासून चूल तिच्या ताब्यात होती. सासूबाई, माई, विळीवर बसून पांढऱ्या रश्श्यासाठी खोबरं खवत होत्या. दुपारी हंबीरराव आवळे आणि त्यांची बायको बयाबाई जेवायला येणार होती. हंबीररावांची लाकडाची वखार होती आणि ते मंडळीचे सगळ्यांत जुने पंच होते. मंगळवारी पंचांची बैठक होती. अप्पांचं निवृत्तीचं वय होऊन गेलं होतं. त्यांना आणखी दोन वर्षं ठेवायचं की नवा पाळक बोलवायचा हे त्या बैठकीत ठरणार होतं, आणि हंबीरराव म्हणतील तसं ठरणार होतं. पाळकाचं घर पाळकाबरोबर जातं. हे वाक्य घरात कुणी मोठ्यानं म्हणत नव्हतं.

"तोंड पाडून का बसलीस?" आक्कानं विचारलं.

"मी कुठं तोंड पाडलंय?"

"मग तुझं तोंडच तसं असंल."

माई हसल्या. आज त्या फार दिवसांनी हसत होत्या. "राहू दे गं तिला. शिकलेल्या पोरी आहेत, त्यांना नवी नावं आवडतात. चार दिवसांत रुळंल." मग प्रमोदिनीच्या मांडीवरच्या बाळाकडं पाहून म्हणाल्या, "पोटात होता तेव्हाच मी त्याला देवाला दिला होता. हन्नानं शमुवेलाला दिला तसा. म्हटलं, मुलगा झाला तर तुझ्या सेवेला घे. देवानं घेतला खरा, पण सेवेला नाही. मग सुमंत झाला, तर हा मास्तर झाला. पाचारण नाही म्हणे आलं मला. जसं काही पोस्टमन आणून देणार होता."

"त्याला कशाला मधी घेतेस?" आक्का म्हणाली. "मास्तर झाला म्हणून दर महिन्याला चूल पेटतीय."

"पण आता बघ. नाव उगीच पडत नाही कुणाला. हा पाळक होणार."

प्रमोदिनीनं बाळाचे पाय झाकले. सात महिन्यांच्या पोराला आधी एका मेलेल्या मुलाचं नाव मिळालं होतं, आणि आता त्याची नोकरीही. तिनं शक्य तितक्या साध्या आवाजात विचारलं, "माई, हे नाव ठेवणार म्हणून अप्पा तुम्हाला आधी बोलले होते का?"

"नवराबायकोनं सगळं सांगायलाच लागतं व्हय?"

माईंनी मान वर केली नाही. त्यांचा हात चालूच होता. नारळाची वाटी कधीच रिकामी झाली होती आणि विळी करवंटीवर खरखरत होती, हे आक्कानं पाहिलं नाही. प्रमोदिनीनं पाहिलं. म्हणजे माईंनाही ठाऊक आहे, हे तिला तेव्हा कळलं.

*

सुमंत मागच्या खोलीत टाय सोडत होता. प्रमोदिनीनं दार लोटून घेतलं आणि पात्रापाशी ऐकलेलं वाक्य त्याला सांगितलं.

तो पलंगाच्या काठावर बसला. "मनात नाव घोळत असेल. बोलून गेले."

"नाव नाही म्हणत मी. ताप म्हणतेय. त्यांच्या लेखी हा तो होता."

"वय झालंय, प्रमोदिनी."

"वय झालं की माणूस विसरतो. विसरू देत. चष्मा विसरतात, प्रवचनात तोच दाखला दोनदा देतात, त्याचं काही नाही." ती थांबली. पुढचं बोलावं की नाही हे तिनं पंधरा दिवस ठरवलं नव्हतं. "तुम्ही शाळेत होता त्या दिवशी. मी वाढत होते. अप्पा जेवता जेवता म्हणाले, तानाबाई यंदाही चैत्रात जोतिबाला जाऊन आली. आईचा नवस आहे म्हणे, गुलाल लावून येते, उतरताना ओढ्यावर तोंड धुते. आणि रडते बिचारी."

सुमंतनं वर पाहिलं. तानाबाई मंडळीची बायबल-बाई होती. वाडी-वस्तीवर जाऊन बायकांना शुभवर्तमान वाचून दाखवायचं हे तिचं काम, आणि त्याच कामावर तिचं घर चालायचं.

"हे तिनं त्यांना सांगितलेलं असणार," प्रमोदिनी म्हणाली. "प्रार्थनेला बसून. कोण जाणे किती वर्षांपूर्वी. आणि त्यांनी ते मला सांगितलं, भाजीत मीठ कमी आहे हे सांगावं तसं. मला भीती वाटते ती याची. अख्ख्या मंडळीचं त्यांच्या पोटात आहे. कोण कुणाचं, कुणी काय केलं, कोण काय बोलून पस्तावलं. आणि आता कुलूप निघालंय."

सुमंतनं टायची घडी घातली. मग म्हणाला, "मंगळवारपर्यंत थांब."

"मंगळवारनंतर दोन वर्षं."

"कुठं जातील ती दोघं? आपला पगार तुला माहीत आहे. भाड्याच्या दोन खोल्यांत पाच माणसं? याचा खोकला घेऊन?" बाळाच्या खोकल्याचं नाव काढलं की प्रमोदिनी हरते, हे त्याला ठाऊक होतं. ते त्यानं मुद्दाम काढलं आणि मग त्यालाच वाईट वाटलं. "दोन वर्षं मिळू देत. मी प्रवचनं लिहून देईन. घरभेटींना मी बरोबर जाईन. आपण सांभाळू. तू फक्त आज काही बोलू नकोस."

"नाही बोलणार," प्रमोदिनी म्हणाली.

आणि त्या घडीला ते खरं होतं.

*

जेवणाचं टेबल जुन्या मिशनरी साहेबांनी मायदेशी परत जाताना दिलेलं होतं. त्याचा एक पाय आखूड होता, त्याखाली गीतांच्या पुस्तकाचा फाटका पुठ्ठा घातलेला. अप्पा टेबलाच्या डोक्याशी, त्यांच्या उजव्या हाताला हंबीरराव, मग बयाबाई. समोर सुमंत. माई आणि आक्का वाढत होत्या. प्रमोदिनी बाळाला घेऊन खिडकीशी, अप्पांपासून जरा लांब बसली होती. सकाळपासून तिनं बाळाला त्यांच्या हाती दिलं नव्हतं.

अप्पांनी जेवणापूर्वीची प्रार्थना केली. ती कशी होईल याची प्रमोदिनीला धास्ती होती, पण प्रार्थना उत्तम झाली. एकही शब्द अडखळला नाही. पाठ झालेल्या गोष्टी अजून आपापल्या जागी होत्या.

"पाळकसाब," हंबीरराव पहिला घास गिळून म्हणाले, "आज तुमी आमच्या बायकोला रडिवली बगा. तीस वर्सं मला जमलं न्हाय."

"जमलंय की," बयाबाई म्हणाल्या. "मी दावलं न्हाय."

सगळी हसली. अप्पाही हसले.

"आनि त्यो फराक बी शोबला पोराला," हंबीरराव म्हणाले. बाळाच्या अंगात बाप्तिस्म्याचा पांढरा झबला होता, गळ्याला बारीक चुण्या असलेला. "दोन रात्री मशिनीवर बसलीती ही. म्हनलं, डोळं जातील. तर म्हंती, पाळकसाबांचा नातू हाय, जाऊ द्यात."

"शिवण फार सुबक आहे," प्रमोदिनी म्हणाली.

"सुबक कसलं," बयाबाई म्हणाल्या, पण त्यांचा चेहरा उजळला. रविवारच्या शाळेतल्या साऱ्या पोरींचे नाताळचे झगे त्यांच्याच ओसरीवर शिवून होत.

तांबडा रस्सा दुसऱ्यांदा वाढून झाला. हंबीररावांनी कपाळाचा घाम पुसला आणि खुर्ची जरा मागं सरकवली. आक्कानं माईंकडं पाहिलं. आता विषय निघणार हे दोघींना कळलं.

"मास्तर," हंबीरराव सुमंतला म्हणाले, "मंगळवारचं मी आत्ताच सांगून टाकतो, म्हंजे जेवान अंगी लागंल. दोगं-तिगं कुरकुरत्यात. तरनं मानूस आना म्हंत्यात. मी म्हनलो, तरनं मानूस आनशीला, पर आज सकाळी जे झालं ते त्येला जमंल व्हय? त्येला पोरगं जाऊन बगाय लागंल आदी. पाळक म्हंजे नुसतं पुस्तक वाचनारा न्हवं. आमच्या घरातलं समदं ज्येच्या पोटात हाय, त्यो पाळक. नव्या मानसाला पुन्यांदा पैल्यापासनं कोन सांगत बसतोय?" त्यांनी अप्पांच्या हातावर आपला जाड हात ठेवला. "दोन वर्सं काय, चार ऱ्हावा. मी म्हनतोय न्हवं."

माईंनी पदराचं टोक डोळ्याला लावलं. सुमंतनं प्रमोदिनीकडं पाहिलं, आणि त्या पाहण्यात बघ, झालं की, असं होतं. प्रमोदिनीलाही हलकं वाटलं. पाऊस येवो, थंडी येवो, बाळ याच घरात वाढणार होतं.

अप्पांनी हंबीररावांचा हात आपल्या दोन्ही हातांत घेतला. ताटाशेजारचा चमचा सरळ केला. आवाज खाली आणला. आजाऱ्याच्या उशाशी बसून काढायचा आवाज होता तो. तानाबाईबद्दल बोलले तेव्हाही हाच होता.

"हंबीरराव," अप्पा म्हणाले, "त्या गोष्टीचं पुढं काय केलंत?"

"कुटल्या ओ?"

"तुम्ही आला होता की देवळात. मागच्या बाकावर बसला होता. मी म्हटलं होतं, ते मशीन आधी मालकाच्या दारात पोचतं करा. मग आपण दोघं मिळून प्रार्थना करू. पोचवलंत का?"

बयाबाईंचा भाकरी मोडणारा हात थांबला. हंबीररावांचा चेहरा हलला नाही, फक्त त्याचा रंग बदलला.

"कुठलं मशीन, अप्पा?" सुमंतनं विचारलं. त्याच्या मनात काही नव्हतं. त्यानं आपलं सहज विचारलं.

अप्पा त्याच्याकडं वळले. तेही सहज सांगणार होते. "अरे, त्या वर्षी गावात घरं..."

पाच वर्षांपूर्वी, गांधीहत्येनंतर, शहरातली घरं पेटली होती. काही घरांतली माणसं रातोरात निघून गेली आणि परत आली नाहीत. हंबीररावांच्या ओसरीवर शिवणाचं मशीन त्याच वर्षी आलं, सांगलीच्या लिलावात घेतलं म्हणून. हे सगळं प्रमोदिनीच्या डोक्यात एकापुढे एक येऊन उभं राहिलं आणि आपल्याला हे कळायला नको होतं, असं तिला वाटलं. तिला कळलं होतं तर आक्कालाही कळलं असतं, आक्काला कळलं असतं तर मलकापूरला. आणि हे सांगणारा माणूस तो होता, ज्याच्याकडं हंबीरराव अंधारात येऊन बसले होते, कारण हा कधीच कुणाला सांगणार नाही.

त्यांना गप्प करायला एकच गोष्ट पुरेशी होती, आणि ती तिच्या मांडीवर होती. त्यानंतर या घराचं काय होईल, हेही तिला ठाऊक होतं.

ती उठली, टेबलाला वळसा घालून गेली आणि बाळाला अप्पांच्या हातांत ठेवलं.

"अप्पा, याला घ्या जरा."

अप्पा बोलायचे थांबले. त्यांनी बाळाच्या कपाळावर तळवा ठेवला, मग उलटा हात, मग गळ्यापाशी दोन बोटं. त्यांच्या चेहऱ्यावर जो आनंद पसरला तो त्या टेबलावर आजवर कुणी पाहिला नव्हता.

"उतरला," ते माईंना म्हणाले. "अगं, उतरला ताप. मी रात्रभर म्हणत होतो तुला. उद्या डोलीवाल्यांना येऊ नका म्हणून निरोप धाड. आता दवाखान्यात नेऊन त्याला दगदग नको."

माई पातेलं हातात धरून उभ्या होत्या.

"अहो," त्या म्हणाल्या, "हा आपल्या सुमंतचा."

"सुमंत कोण?" अप्पांनी विचारलं.

त्यांनी ते अगदी अदबीनं विचारलं, पाहुण्याचं नाव विचारावं तसं. सुमंत समोरच बसला होता. त्याच्या हातात भाकरीचा तुकडा होता. तो त्यानं ताटाच्या कडेला ठेवला.

बाळ रडू लागलं. बयाबाई उठल्या, त्याला अप्पांच्या हातांतून हळूच घेतलं आणि खांद्यावर टाकून थोपटू लागल्या. थोपटता थोपटता त्या प्रमोदिनीकडं पाहत होत्या. हंबीररावही तिच्याकडंच पाहत होते. अप्पांकडं त्या दोघांनी पाहिलं नाही.

*

हंबीररावांनी हात धुतले आणि ओसरीवर वहाणा पायात घातल्या.

"मास्तर," ते सुमंतला म्हणाले, "मगाशी मी जे बोललो ते आता बोलता येत न्हाय. तुमी जानता."

"हो."

"घराचं मी बगतो. पावसाळा हुईपतोर तुमास्नी कोन उटवाय येत न्हाय. तेवडं माझ्याकडं लागलं." ते पायरी उतरले, थांबले. प्रमोदिनीला ते पोरी म्हणायचे, लग्न होऊन आली तेव्हापासून. आज हात कपाळाला लावून म्हणाले, "सलाम, बाई."

बाळ बयाबाईंच्याच खांद्यावर होतं. बाळाला तिच्या हातात देताना त्यांनी झबल्याची गळ्याशी वळलेली चुणी नीट केली, जराशी ओढून पाहिली, आणि नवऱ्याच्या मागं चालू लागल्या.

आत माईंचा आवाज चढला नव्हता. तो चढला असता तर प्रमोदिनीला सोपं गेलं असतं.

"लेकराला पुढं केलंस," माई म्हणाल्या. "पाहुण्यांसमोर. सकाळपासून तू त्यांच्या हातात पोर देत नव्हतीस, मी बघत होते. आणि नेमकं तेव्हाच दिलंस. तीस वर्षं त्या माणसानं या गावाचे मुडदे पुरले. तुला दोन वर्षं जड झाली."

"आई, पुरे," आक्का म्हणाली. सकाळी नावावरून टोमणे मारणारी आक्का आता भांडी गोळा करत होती आणि कुणाकडं पाहत नव्हती. "मला दिवाळीपास्नं दिसतंय. मला त्यांनी दोनदा मावशी म्हणून हाक मारली."

"मग बोलली का नाहीस?"

"तू बोलू दिलंस व्हय कुणाला?"

माई मटकन पाटावर बसल्या. आक्कानं भांडी खाली ठेवली आणि आईजवळ बसली. दोघींत मिळून एक भिंत झाली, आणि प्रमोदिनी तिच्या पलीकडं राहिली.

सुमंत दारात उभा होता. "आपलं ठरलं होतं," तो म्हणाला. "जेवायच्या आधी."

"हो."

"मग?"

प्रमोदिनीनं तोंड उघडलं. एका वाक्यात सगळं उलटलं असतं. सुमंतला पटलं असतं, माईंनाही पटलं असतं, आक्कानं तर पाठ थोपटली असती. पण ते वाक्य म्हणजे हंबीररावांचं मशीन होतं. तिनं तोंड मिटलं.

"मग काही नाही," ती म्हणाली. "दिलं खरं."

*

अप्पा ओसरीवर वेताच्या खुर्चीत बसले होते. समोर देवळाची मागची भिंत, तिच्यावर कलतं ऊन. प्रमोदिनी बाळाला घेऊन बाहेर आली ती केवळ आत थांबवेना म्हणून. अप्पांनी चष्मा पुसला, डोळ्यांवर चढवला आणि तिच्याकडं पाहिलं. नजर स्वच्छ होती. असं व्हायचं. पाऊण तास कुठंतरी जाऊन माणूस स्टेशनावर उतरावा तसा परत यायचा.

"प्रमोदिनी, बस इथं."

ती पायरीवर बसली.

"विनयला झोप आली का?"

तिनं मान हलवली. दुरुस्ती करायचं तिच्या जिवावर आलं. पण तेच म्हणाले, "नाही. विनय नाही. मी काहीतरी दुसरं म्हटलं. सगळी का गप्प आहेत?"

"शांतवन म्हणालात."

"हं." ते भिंतीकडं वळले. "तुझी परवानगी घेतली नाही मी."

"असू दे, अप्पा."

"आणि जेवताना? हंबीरराव माझा हात सोडवून घेत होते. मी कुणाचं काही बोललो का?"

"नाही."

"खरं सांग. मला हे कळायला पाहिजे. दीक्षा घेतली त्या दिवशी डोक्यावर हात ठेवून मला विचारलं होतं, आणि मी हो म्हटलं होतं. प्रवचन कुणीही करतो. सुमंत माझ्यापेक्षा बरं करील. मुडदा पुरायला चार शब्द आणि एक पुस्तक लागतं. पण लोकांनी जे आणून ठेवलं ते ठेवायचं, एवढंच खरं काम. मी कुणाचं बोललो?"

"सुरुवात केली होती," प्रमोदिनी म्हणाली. "मी बाळाला तुमच्याकडं दिलं. मग तुम्ही थांबलात."

अप्पांनी डोळे मिटले. ते रडतील असं तिला वाटलं, पण त्यांनी फक्त मान दोन-तीनदा हलवली, हिशेब पटल्यासारखी.

"म्हणजे मला घालवलंस तू."

"हो."

"बरं केलंस." मग थोड्या वेळानं, "पण घरी बसून तरी तोंड कुठं गप्प बसणार आहे? लोक भेटायला येतील. दुखणेकरी येतील. मी बोलेन. माई गोड मनाची आहे, तिच्या पोटात तीळ भिजत नाही. सुमंतला सांगितलं तर तो त्याचा विचार करत बसेल. चांगला मुलगा आहे, पण विचार करणाऱ्याच्या चेहऱ्यावर दिसतं." त्यांनी तिच्याकडं वळून पाहिलं. "तू बसशील का?"

"कुठं?"

"इथं. माझ्याजवळ. कुणी आलं की. मी घसरलो की थांबवायचं. आणि थांबवण्याआधी जेवढं बाहेर पडेल तेवढं तुझ्याकडं राहील. ते तुझं ओझं. नवऱ्यालाही सांगायचं नाही. मी माईला कधी सांगितलं नाही. चाळीस वर्षं तिला वाटतंय, मी तिच्यापासून काहीतरी लपवतोय, आणि ते खरंच आहे. हे सोपं नाही. तुझ्या लेकराचं, घराचं, सगळं तुझ्यामागं आहेच. नाही म्हटलंस तर मी समजेन."

प्रमोदिनीला तानाबाई आठवली. ते तिनं आजच दुपारी, दार लोटून, सुमंतला सांगून टाकलं होतं. आपण चांगल्या हेतूनं सांगितलं, हे तिनं स्वतःला सांगून पाहिलं. बहुतेक सगळे चांगल्याच हेतूनं सांगतात. बाळाचा श्वास लागतोय की ती नुसती झोप आहे, हे ती सवयीनं ऐकत होती. नुसती झोप होती.

"बसेन," ती म्हणाली.

अप्पांनी हात पुढं केला. तो बाळाच्या डोक्यावर जाईल असं तिला वाटलं. तो तिच्या डोक्यावर आला आणि जरा वेळ तिथं राहिला. मग त्यांची नजर पुन्हा भिंतीवर गेली आणि हळूहळू सैल झाली. त्यांनी विचारलं, "डोली आली का?"

"नाही अजून," प्रमोदिनी म्हणाली.

सुमंत बाहेर आला तेव्हा वडील खुर्चीत पेंगत होते. तो तिच्याशेजारी पायरीवर बसला. राग गेला नव्हता, पण त्याला एकटं बसवत नव्हतं.

"काय म्हणत होते?"

"बाळाला वारं लागेल म्हणत होते."

"एवढा वेळ?"

"एवढंच."

त्यानं पायाखालचा खडा उचलला, टाकून दिला. "आणि ते मशीनचं काय होतं जेवताना? हंबीररावांचं तोंड बघितलंस?"

"कसलं मशीन?" प्रमोदिनी म्हणाली.

सुमंतनं वळून तिच्याकडं पाहिलं. ती खिडकीशी बसली होती आणि सगळं ऐकत होती, हे त्याला माहीत होतं. ती घरातलं पान हललेलं सोडत नाही, हेही माहीत होतं. तो पुन्हा विचारणार होता. पण या आवाजातलं हे असं उत्तर त्यानं लहानपणापासून अप्पांच्या तोंडून ऐकलं होतं, रात्री ताट वाढताना माई काही विचारायच्या तेव्हा. त्यानंतर माई दुसरं काही विचारत नसत. त्या भाकरी वाढत.

तो उठला आणि बाळाला झाकायला आतून शाल घेऊन आला.